आयव्हन डिक्सन : एका नटाचा नकार

दलित पँथरने १९७२ साली ज्या चळवळीवरून आपले नाव घेतले, त्या अमेरिकेतील काळ्यांच्या चळवळीचे साहित्य आपल्याकडे आवडीने वाचले गेले. तिच्या काळातील नटांकडे मात्र आपल्या समीक्षेने फारसे पाहिले नाही. म्हणून आयव्हन डिक्सनविषयी लिहितो.

'नथिंग बट अ मॅन' (१९६४) या चित्रपटात डिक्सनने अलाबामातील रेल्वेमजूर डफ अँडरसन उभा केला. लाकूडगिरणीत डफ एकजुटीची गोष्ट काढतो. ती सर्वांसमोर मागे घे, असे त्याला सांगितले जाते. तो घेत नाही, नोकरी जाते. या प्रसंगी डिक्सन आवाज चढवीत नाही, मूठ आवळीत नाही, नुसता उभा राहतो. गावच्या पाटलापुढे आमचे वडीलधारेही गप्प उभे राहात, पण त्या गप्पपणात भय असे. डफच्या गप्पपणात त्याने नकाराची किंमत आधीच मोजलेली दिसते. पडद्यावरचा इतका संयत विद्रोह मी क्वचितच पाहिला आहे.

मात्र हाच डफ बाहेरच्या अपमानाचा राग गरोदर बायकोवर काढतो, तिला ढकलून देतो. बाईच्या अंगावर हात टाकून सिद्ध होणारे माणूसपण कसले? ॲबी लिंकनने केलेली जोसी शिक्षिका आहे, विचार करणारी आहे. पटकथा तिला वाट पाहायला लावते.

चित्रपट करणारे मायकेल रोमर आणि रॉबर्ट यंग दोघेही गोरे. त्यांची सहानुभूती अस्सल होती, हे मी मानतो. पण दुसऱ्याच्या सहानुभूतीवर नटाचे आयुष्य निघत नाही. पुढे १९६५ ते १९७० डिक्सन दूरदर्शनवरील 'होगन्स हीरोज' या विनोदी मालिकेत दुय्यम भूमिकेत राहिला. डफच्या तोलाची भूमिका त्याला पुन्हा मिळाली नाही.

मग तो कॅमेऱ्यामागे गेला. सॅम ग्रीनलीच्या कादंबरीवरून त्याने 'द स्पूक हू सॅट बाय द डोअर' (१९७३) काढला. सरकारी हेरखात्यात शिकलेला काळा अधिकारी शिकागोतील पोरांना तेच शिक्षण देऊन बंड उभारतो, अशी ही कथा. पैसा मुख्यतः काळ्या लोकांनी उभा केला. चित्रण बरेचसे गॅरी शहरात झाले. तिथे तेव्हा रिचर्ड हॅचर हा काळा महापौर होता. चित्रपट ओबडधोबड आहे, काही पात्रे नुसती घोषणा बोलतात. तरी कथा आता कोणाच्या हातात आहे, हे प्रत्येक दृश्यात कळते. वितरण मात्र युनायटेड आर्टिस्ट्सकडे होते. थोड्याच दिवसांत तो चित्रपटगृहांतून उतरवला गेला, आणि त्याची निगेटिव्ह वेगळ्या नावाखाली जपून ठेवावी लागली.