तारामतीची विक्री

आता ‘अयोध्येचा राजा’कडे येऊ. १९३२चा, प्रभातचा, दिग्दर्शक व्ही. शांताराम. वचन हरिश्चंद्राचं, विकली जाते तारामती. सत्याची थोरवी गाताना आपण हे सहज ओलांडून जातो. कांट शिकवणारे आम्हीसुद्धा! माणसाला नुसतं साधन करू नये, हेही त्याच कांटचं म्हणणं ना?

फाळक्यांच्या १९१३च्या मूकपटात तारामती झाले होते साळुंके, म्हणजे पुरुष. इथे दुर्गा खोटे आहेत, आणि त्या बोलतात. त्यामुळे बाजारातला प्रसंग नुसती राजाची सत्त्वपरीक्षा राहत नाही. एक बाई विकली जातेय, हे डोळ्यांना दिसतं. चित्रपटाला ते म्हणायचं नसेलही.

मार्कंडेयपुराणात राणी स्वतःच ‘मला विका’ म्हणते, असा आक्षेप येईल. म्हणते खरी. पण दक्षिणेची मुदत संपत आलेली, राजा हतबल, अशा वेळी तिनं दुसरं काय म्हणायचं होतं?