दिवा कोणी झाकला?

आल्फ्रेड हिचकॉक म्हटले की वाचकांना 'सायको' आठवतो, 'द बर्ड्स' आठवतो. इंग्लंड सोडून हॉलिवूडला जाण्यापूर्वी त्याने केलेला शेवटचा चित्रपट, १९३९ सालचा 'जमैका इन', फारसे कोणी पाहत नाही. खुद्द हिचकॉकही त्याच्यावर नाराज होता. आम्ही तो पाहिला तो वेगळ्या कारणासाठी. समुद्रकाठच्या गरिबाला पडद्यावर गुन्हेगार कसे बनवले जाते, हे आम्हाला पाहायचे होते.

चित्रपट डॅफ्ने द्यू मॉरिए यांच्या १९३६ च्या कादंबरीवर बेतलेला आहे. काळ एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीचा, मुलूख इंग्लंडच्या नैर्ऋत्य टोकाचा, कॉर्नवॉलचा. आई वारल्यावर मेरी नावाची पोरकी मुलगी मावशीकडे येते. मावशीचा नवरा जॉस एक बदनाम सराई चालवतो. वादळी रात्री त्याची टोळी किनाऱ्यावरचा इशाऱ्याचा दिवा झाकते, जहाज खडकावर आदळते, पोहत आलेल्या खलाशांना ठार मारून माल लुटला जातो. कोणत्या जहाजात किती माल आहे ही खबर टोळीला देणारा मात्र किनाऱ्यावर कधी दिसत नाही. तो आहे सर हम्फ्री पेंगॅलन, तिथला जमीनदार आणि न्यायदंडाधिकारी. म्हणजे फिर्याद ज्याच्याकडे न्यायची, तोच मुकादम!

चार्ल्स लॉटनने हा जमीनदार रंगवला आहे. भर मेजवानीत तो आवडता घोडा दिवाणखान्यात आणवतो आणि मेरीकडेही त्याच कौतुकाने पाहतो. ऐषआराम हा आपला जन्मसिद्ध हक्क आहे आणि त्याची किंमत दुसऱ्यांनी चुकवायची, यात त्याला काहीच वावगे वाटत नाही. लॉटनचा अभिनय कधीकधी नाटकी होतो, आणि खलनायक लवकर उघड झाल्याने रहस्यही उरत नाही. पण त्यामुळेच प्रेक्षकाला चोर कोण हे ठाऊक असते आणि पडद्यावरची साधी माणसे त्याच्यापुढे वाकताना दिसतात. आम्हाला हेच चित्रपटाचे बळ वाटते. मॉरीन ओ'हाराची मेरीही लक्षात राहते. फासावर लटकावलेल्या तरुणाचा दोर तीच कापते, आणि शेवटी इशाऱ्याचा दिवाही तीच पेटवते.

मूळ कादंबरीत खलनायक एक पाद्री आहे. अमेरिकन चित्रपटसृष्टीच्या आचारसंहितेत धर्मगुरूला खलनायक दाखवण्यास मनाई होती, म्हणून त्याच्या जागी जमीनदार आला. पाद्र्याच्या अब्रूची काळजी घेणारा नियम होता. किनाऱ्यावरच्या गरिबाच्या अब्रूसाठी तसा नियम कुठेच नव्हता. त्यामुळे जॉसच्या टोळीतली माणसे मळकट आणि क्रूर, एवढीच राहिली. त्यांची घरे, मुले, उपासमार पडद्यावर येतच नाही.

इतिहास काय सांगतो? फुटलेल्या जहाजाचा माल किनाऱ्यावर लागला की कॉर्नवॉलची गावेच्या गावे तो गोळा करायला धावत, हे खरे आहे. प्रसंगी दंडेलीही होई. खोटे दिवे लावून जहाज बुडवणाऱ्याला १७५३ च्या कायद्याने देहदंड ठेवला होता. पण तिथल्या लोकांनी मुद्दाम जहाजे बुडवल्याचा खात्रीलायक पुरावा इतिहासकारांना जवळजवळ मिळालेला नाही. उलट बुडणाऱ्या खलाशांना वाचवण्यासाठी याच माणसांनी जीव धोक्यात घातल्याच्या नोंदी आहेत. आणखी एक गोष्ट चित्रपट सांगत नाही. किनाऱ्यावर लागलेल्या मालावर तिथल्या जमीनदारांचा कायदेशीर दावा असे. तोच माल वाड्यात गेला की हक्क, झोपडीत गेला की लूट!

हे सारे दूरच्या मुलखाचे. पण कोकणातल्या आपल्या वाचकांना ते परके वाटू नये. १९९३ साली रायगडच्या किनाऱ्यावर स्फोटके उतरली आणि मुंबईत २५७ माणसे मेली. तो गुन्हा भयंकर होता, त्याची शिक्षा गुन्हेगारांना व्हायलाच हवी होती. पण संशयाची नजर किनाऱ्यावरच्या अख्ख्या वस्त्यांवर पडली. जे मासेमारीवर पोट भरत होते, ज्यांची मुले आखातात राबत होती, त्यांनाही आपले इमान सिद्ध करावे लागले. २००६ साली टाडा न्यायालयाने दोषी ठरवलेल्यांत कस्टमचे आणि पोलीस खात्याचे अधिकारीही होते, हे मात्र कितीजणांच्या लक्षात राहिले?

'जमैका इन' अर्धेच खरे बोलतो. लुटीचा धनी वाड्यात बसलेला असतो, हे तो बेधडक दाखवतो. मात्र ज्यांच्या नावावर ती लूट लिहिली गेली, त्यांची बाजू ऐकायला तो थांबत नाही. ती बाजू मांडणारा चित्रपट कॉर्नवॉलच्या वाट्याला आला नाही, आपल्याही किनाऱ्याला अजून त्याची वाट पाहावी लागते आहे. तोवर हा चित्रपट जरूर पाहावा, आणि पाहताना टोळीतल्या त्या बिनचेहऱ्याच्या माणसांकडे थोडे अधिक लक्ष द्यावे.