गोधडीतील 'हे' आणि 'ते' : भंडारा जिल्ह्यातील एका गृहवस्तूचा विचार

अमेरिकेतील ओहायो राज्याच्या ॲडम्स परगण्यात २००१ साली डॉना सू ग्रोव्ह्ज यांनी एक उपक्रम सुरू केला. त्यांची आई मॅक्सीन ही गोधड्या शिवणारी. तिच्या गौरवार्थ शेतावरील कोठारांच्या दर्शनी भिंतींवर गोधडीच्या नक्षीचे रंगीत लाकडी चौकोन बसवावेत, ही मूळ कल्पना. पुढे तिचे लोण अनेक राज्यांत पसरले, आणि सुझी पॅरन यांनी ग्रोव्ह्ज यांच्या सहकार्याने लिहिलेला त्याविषयीचा ग्रंथ २०१२ साली प्रसिद्ध झाला. चौकोनामागील कुटुंबकथा घरधन्यांच्या तोंडून मिळवून नोंदविणे, हे या ग्रंथाचे सामर्थ्य होय. तथापि त्याच्या आधारे आपल्याकडील गोधडीकडे पाहू लागले, की एक घोटाळा संभवतो. वस्तू दिसण्यात सारखी असली, तरी तिचा अर्थ सांगण्याचा मार्ग सारखा असतोच असे नाही.

कोठारावरील चौकोनाला नाव असते. 'ओहायोचा तारा', 'गोगलगायीची वाट' ही नावे रूढ आहेत. कोणत्याही जाणकाराला ती रस्त्यावरून जाताना वाचता येतात. भाषेच्या परिभाषेत बोलायचे तर तो चौकोन म्हणजे नाम होय. विशिष्ट कुटुंबाची हकीकत त्या नामाला मागाहून चिकटते. उद्या शेत विकले गेले, तरी तारा हा ताराच राहतो.

भंडाऱ्याच्या धानपट्ट्यातील गोधडीचे तसे नाही. येथील कोठा बुटका, कौलारू. त्याचे तोंड बहुधा आवाराकडे, रस्त्याकडे नव्हे. गोधडी भिंतीवर मिरविण्याची वस्तूच नव्हे. ती तणसावर अंथरायची, बाळाखाली घालायची, धानाच्या राखणीला खळ्यावर जाताना खांद्यावर टाकायची. चारचौघांत ती दिसते ती एवढीच, की धुऊन कुंपणावर वाळत घातलेली असते तेव्हा. तिच्यातील तुकडे हे जुन्या लुगड्यांचे, धोतरांचे, पोरांच्या अंगरख्यांचे असतात. पवनी, मोहाडी, आंधळगाव ही ठिकाणे विणकरीची. येथील करवती काठाचे कापड प्रसिद्धच आहे. करवतीच्या दात्यांप्रमाणे काठ आणि अंग एकमेकांत गुंतवून विणण्याची ही रीत. काठ ओळखीचा असला, की लुगडे कोणाचे हे घरात सांगता येते. परंतु ते सांगावे लागते; तुकडा स्वतः सांगत नाही.

म्हणून गोधडीचा तुकडा हा नाम नसून दर्शक सर्वनाम होय. म्हातारी बोट ठेवते आणि म्हणते, हे माझ्या मायचे, ते मामंजींचे. 'हे' आणि 'ते' यांना अर्थ येतो तो बोलणाऱ्याच्या उपस्थितीमुळे. नातेवाचक शब्दांचेही तसेच आहे, कारण तेही बोलणाऱ्यापासूनच मोजले जातात. सुनेने दाखविलेले मामंजींचे धोतर हे तिच्या नवऱ्याच्या मुखी बापाचे होते, तर नातवाच्या मुखी आज्याचे. एकाच घरात, एकाच वेळी, एकाच तुकड्याला तीन नावे. आणि तिन्ही खरी. यांपैकी एकच नाव चिठ्ठीवर लिहून वस्तू कपाटात ठेवणारा संग्राहक उरलेली दोन माणसे घराबाहेर काढतो. सुनेचे माहेर आणि सासर एकाच टाक्याने जोडले जातात, ही गोष्ट तर चिठ्ठीत कधीच येत नाही.

लोककलेवरील आपल्या लेखनात गोधडीच्या रंगसंगतीचे, टाक्यांच्या रांगांचे कौतुक पुष्कळ आढळते. ते कौतुक खोटे नव्हे. पण रंगसंगती बहुधा योजलेली नसून उरलेली असते. जे फाटले ते जोडले, एवढाच तिचा नियम. जिथे निवड कमी आणि गरज अधिक, तिथे नक्षीचे सौंदर्यशास्त्र लावणे म्हणजे बोलण्यातील श्वासाला छंद समजणे होय.

दुसरी त्रुटी भाषेची. झाडीबोलीत 'ण' आणि 'ळ' यांचा उच्चार प्रमाण मराठीसारखा होत नाही. पाण्याचे 'पानी' होते, काळ्याचे 'कारा'. नोंद करणारा सुशिक्षित मनुष्य हे सारे नकळत दुरुस्त करून घेतो. साकोलीचे डॉ. हरिश्चंद्र बोरकर यांनी झाडीबोलीच्या अभ्यासासाठी केलेले कार्य लक्षात घेता, ही दुरुस्ती आता अज्ञानाच्या सबबीवर क्षम्य ठरू नये. तुकड्याकडे बोट दाखवून उच्चारलेले वाक्य शुद्ध करून लिहिले, की बोलणारी बाई त्यातून नाहीशी होते. आणि तिच्यावाचून तो तुकडा केवळ चिंधी.

आणखी एक बाब अशी, की गोधडी झिजली म्हणजे टाकून देत नाहीत. तिच्यावर नवे जुनेर घालून पुन्हा टाके मारतात. पहिला थर आत जातो, त्यावर दुसरा, कधी तिसरा. आतले तुकडे कोणाचे, हे ज्या बाईने ते झाकले तिलाच ठाऊक असते. छायाचित्रात येतो तो फक्त वरचा थर. घरात बाजारचे ब्लँकेट आले आणि शिवणाऱ्या बाईचे डोळे अधू झाले, म्हणजे थर चढणे थांबते. त्यानंतर गोधडी उसवेल तेव्हा आतला काठ दिसेलही, परंतु त्यावर बोट ठेवून 'हे' म्हणणारे कोणी त्या वेळी घरात असेलच, असे नाही.