माढ्याची मूर्ती आणि आपली आठवण

रा. चिं. ढेरे यांचा ‘श्रीविठ्ठल : एक महासमन्वय’ हा ग्रंथ 1984 साली निघाला. तेव्हा मी ऐन उमेदीत कीर्तने करीत होतो आणि ग्रंथ न वाचताच निरूपणात त्याच्यावर तोंडसुख घेत असे. श्रोतेही माना डोलवीत. आता गळा गेला, डोळे आहेत. यंदा चातुर्मासात तो ओळीने वाचला.

वाद माढ्याच्या मूर्तीचा. पंढरीवर संकट आले की देवाला हलवीत. अफजलखानाच्या स्वारीत, 1659 साली, मूर्ती माढ्याला नेली असे जुनी माणसे सांगत. माढ्याच्या मूर्तीच्या छातीवर अक्षरे कोरलेली आहेत. आणि स्कंदपुराणातले म्हणून मानलेल्या पांडुरंगमाहात्म्यात देवाच्या हृदयावर मंत्र असल्याचे वर्णन आहे. पंढरीच्या मूर्तीवर तो दिसत नाही. म्हणून ढेरे म्हणतात, आद्य मूर्ती माढ्याची. शास्त्राच्या भाषेत, शब्द आणि प्रत्यक्ष जुळवून त्यांनी अनुमान बांधले. यात देवाची टवाळी कुठेच नाही. मी ती शोधली, दोनदा शोधली. कारण ती सापडायला हवी होती.

तरी शंका उरते. देव माढ्याला गेला, ही आठवण ते साक्षीला घेतात. देव परत आला, हीही त्याच तोंडची आठवण. तिला मात्र बाजूला बसवतात. साक्षीदार अर्धा खरा धरला की सगळा भार छातीवरच्या अक्षरांवर येतो. मूर्ती पाहून पोथी लिहिली, की पोथी वाचून कुणी मूर्ती घडवली? हे दगड एकटा सांगत नाही.

पण माउली, आपल्या आठवणीचा तरी भरवसा किती? चौऱ्यांशीची शिळा घ्या. शके 1195 पासूनचा, रामदेवराव यादवाच्या काळातला, देवळाला देणग्या देणाऱ्यांच्या नावांचा तो लेख. चौऱ्यांशी लक्ष योनी चुकाव्यात म्हणून आपण पिढ्यान्‌पिढ्या तिला पाठ घासली. मीही घासली, नवव्या वर्षी, आजोबांच्या मागे उभा राहून. काय लिहिले आहे ते ना त्यांनी विचारले, ना मी. अक्षरे झिजली. शं. गो. तुळपुळ्यांच्या ‘प्राचीन मराठी कोरीव लेख’ या ग्रंथात तो लेख छापलेला पाहिला, तेव्हा कळले की आपण कुणाची नावे पुसत होतो. देवाला दिलेल्या पैशांमागची ती माणसे आपल्या आधीचीच भक्तमंडळी.

आता पंढरीला गेलो की त्या शिळेला लांबूनच हात जोडतो.