दुय्यम भूमिकेचे केंद्रत्व : निळू फुले यांच्या अभिनयाविषयी

मराठी चित्रपटाच्या चर्चेत निळू फुले यांचे नाव निघते तेव्हा ‘खलनायक’ ही संज्ञा जवळजवळ विचार न करताच वापरली जाते. अनंत माने यांच्या ‘एक गाव बारा भानगडी’ (१९६८) या चित्रपटापासून सुरू झालेल्या त्यांच्या कारकिर्दीचे मूल्यमापन ‘साच्यात अडकलेला समर्थ नट’ अशा हळहळीपाशी थांबते. या हळहळीमागे एक गृहीत आहे : नायक कथेला अर्थ देतो आणि सहायक भूमिका त्या अर्थाला केवळ उठाव देते. फुले यांच्या भूमिका हे गृहीतच तपासावयास लावतात.

१९६० मध्ये महाराष्ट्र राज्य अस्तित्वात आले. पाठोपाठ जिल्हा परिषदा आल्या, १९६२ च्या कायद्याने महसुली पाटलाचे पद रद्द झाले आणि सहकारी साखर कारखानदारी विस्तारत गेली. वतन गेले, पण वर्चस्व गेले नाही. त्याने केवळ आसन बदलले. ग्रामीण चित्रपटाचा नायक या स्थित्यंतरापासून बव्हंशी अस्पर्श राहिला. त्याचे प्रेम, त्याचा पराक्रम आणि त्याचा त्याग कोणत्याही काळात शोभावा असा होता. काळाच्या खुणा उमटल्या त्या त्याच्या प्रतिपक्षावर. पाटील, सरपंच, चेअरमन ही एकाच सत्तेची क्रमाक्रमाने बदललेली रूपे होत, आणि फुले यांनी ती पडद्यावर साकार केली.

या आविष्काराचे मूळ लोकनाट्यात आहे. राष्ट्र सेवा दलाच्या संस्कारांतून आणि ‘कथा अकलेच्या कांद्याची’सारख्या वगातून घडलेल्या या नटाला सत्ताधाऱ्याची ओळख प्रथम झाली ती उपहासाचे लक्ष्य म्हणून. त्यामुळे त्यांचा पाटील सहसा आरडाओरडा करीत नाही. ज्याचे ऐकले जाणारच आहे, त्याला आवाज चढवावा लागत नाही, हे त्यांच्या खर्जातील संथ संवादफेकीचे मर्म आहे.

जब्बार पटेल आणि विजय तेंडुलकर यांच्या ‘सामना’मध्ये हा प्रतिपक्ष कथेच्या मध्यभागी येतो. साखर कारखान्याचा सर्वेसर्वा हिंदूराव धोंडे पाटील हा आतिथ्यशील, कर्तबगार आणि विकासाची भाषा बोलणारा आहे. बेपत्ता मारुती कांबळेविषयीचा मास्तरांचा प्रश्न भेडसावतो, तो या कर्तबगारीमुळेच. १९७५ च्या बर्लिन चित्रपट महोत्सवाच्या स्पर्धेत ‘सामना’ दाखविला गेला. त्याच बर्लिनच्या भग्नावशेषांत वोल्फगांग श्टाउट यांनी ‘मारेकरी आपल्यातच आहेत’ (१९४६) हा चित्रपट केला होता. त्यात आर्नो पाऊल्सेन यांनी रंगविलेला ब्र्युकनर हा पोलंडमध्ये निरपराधांच्या हत्येचा हुकूम देणारा कप्तान; युद्धानंतर तो लष्करी शिरस्त्राणांची भांडी बनविणारा प्रतिष्ठित कारखानदार आणि कुटुंबवत्सल गृहस्थ झाला आहे. महायुद्धोत्तर जर्मनी आणि सहकारयुगातील महाराष्ट्र यांची बरोबरी करण्याचे कारण नाही. साम्य आहे ते योजनेत : दोन्हीकडे गुन्हा समृद्धीच्या आड दडला आहे आणि ते दडणे मूर्त करण्याची जबाबदारी नायकाच्या प्रतिपक्षावर आहे.

मात्र या कारकिर्दीची दुसरी बाजूही नोंदविली पाहिजे. हाच पाटील असंख्य चित्रपटांतून पुन:पुन्हा अवतरला, तेव्हा तो करमणुकीचा ऐवज बनला. प्रेक्षक व्यक्तीचा धिक्कार करून घरी गेला आणि व्यवस्था निर्दोष सुटली. दोष नटाचा नसला, तरी परिणाम नाकारता येत नाही. ‘सारांश’ (१९८४) मधील गजानन चित्रे या शहरी पुढाऱ्याने ती धार काही अंशी परत आणली. कारण तेथे हा सत्ताधारी गावाच्या वेशीपलीकडे, मध्यमवर्गीयाच्या दारात उभा राहतो.

या संदर्भात ‘सिंहासन’ (१९७९) मधील दिगू टिपणीस निर्णायक ठरतो. सत्तेचा चेहरा धारण करणारा नट येथे सत्तेचा साक्षीदार होतो. पत्रकार म्हणून सारे पाहतो आणि अखेरीस त्याचा तोल ढळतो. जे हिंदूरावाने पचविले, ते दिगूला पचविता येत नाही. या दोन भूमिका एकत्र वाचल्या, तर फुले साच्यात अडकले होते असे म्हणता येत नाही. साचा समाजाचा होता. त्याचे आतून आणि बाहेरून असे दोन्ही प्रकारचे ज्ञान या नटापाशी होते. श्रेयनामावलीतील क्रम हाच मूल्यक्रम मानणाऱ्या समीक्षेला ते दिसले नाही, ही तिची मर्यादा होय.