काळाचे बांडगूळ : ययातिकथेचा एक विचार

आंब्याच्या फांदीवर बांडगूळ वाढते ते झाडाच्या रसावर. रसाऐवजी दुसऱ्याच्या आयुष्याचे दिवसच शोषून जगणारा एखादा जीव कल्पिला, तर तो कसा असेल? मायकेल एंडे या जर्मन लेखकाने आपल्या ‘मोमो’ (१९७३) या कादंबरीत तो रंगविला आहे. तेथील करडे पुरुष माणसांचा वाचविलेला वेळ चोरून नेतात आणि त्याच्याच विड्या ओढून जिवंत राहतात. ती विडी तोंडातून गेली की ते नाहीसे होतात. कल्पना चमत्कृतिपूर्ण आहे खरी. परंतु आमच्या परंपरेने याहून भयंकर असा काळभक्षक फार पूर्वीच निर्माण करून ठेवला आहे. भयंकर अशासाठी की, तो परका नव्हे. तो बाप आहे. त्याचे नाव ययाति.

आदिपर्वातील कथा वाचकांस परिचितच आहे. शुक्राचार्यांच्या शापाने अकाली जरा आलेला ययाति आपल्या पाच पुत्रांकडे तारुण्य मागतो. यदु, तुर्वसु, द्रुह्यु आणि अनु नकार देतात. धाकटा पूरु होकार देतो. बाप सहस्र वर्षे भोग भोगतो आणि भोगाने वासना शमत नाही हे उमगल्यावर पुत्राचे यौवन परत करतो. येथे एक गोष्ट ध्यानात घेण्याजोगी आहे. नकार देणारे पुत्र जरेचे दोष स्पष्ट बोलून दाखवितात. होकार देणारा पूरु मात्र संमतीपुरते बोलून मूक होतो. त्याच्या सहस्र वर्षांत काय घडले, हे कोठेही सांगितलेले नाही. ज्याचा काळ खाल्ला जातो त्याला स्वतःची कथा उरत नाही, हे सत्य महाभारतकारांनी केवळ मौनाने सांगितले आहे.

वि. स. खांडेकरांच्या ‘ययाति’ची (१९५९) परीक्षा या दृष्टीने झालेली आम्हांस फारशी आढळत नाही. या कादंबरीस १९६० मध्ये साहित्य अकादमीचा पुरस्कार लाभला आणि १९७४ चा ज्ञानपीठ पुरस्कार मिळविणारे खांडेकर हे पहिले मराठी साहित्यिक ठरले. ययातीला आधुनिक भोगलोलुप मनुष्याचा प्रतिनिधी करण्यात त्यांची प्रतिभा दिसते, यात शंका नाही. परंतु कादंबरीतील निवेदक तीन : ययाति, देवयानी आणि शर्मिष्ठा. पूरुला निवेदन नाही. शिवाय पुत्राचे तारुण्य घेताच ययातीला पश्चात्ताप होतो आणि कचाच्या साहाय्याने ते परतही दिले जाते. सहस्र वर्षांचे ऋण येथे काही क्षणांत फिटते. आमच्या मते कादंबरीचे शैथिल्य नेमके याच ठिकाणी आहे. वासनेचे विश्लेषण लेखकाने विस्ताराने केले. वासनेची किंमत मोजणाऱ्याचा हिशेब मात्र मांडलाच नाही. गिरीश कार्नाडांनी आपल्या ‘ययाति’ (१९६१) या कन्नड नाटकात तो मांडला. पूरुची नवविवाहिता चित्रलेखा त्यांनी नव्याने कल्पिली आणि तिच्या मृत्यूने त्या देवघेवीचे मोल प्रेक्षकांपुढे उघडे केले.

कोणी म्हणेल, पूरुने स्वखुशीने दिले, मग अन्याय कसला? आमच्या आबिड्समध्ये रविवारी दुकाने बंद असताना पदपथांवर जुन्या पुस्तकांचा बाजार भरतो. तेथे उभ्या उभ्या पाने चाळणारा विद्यार्थीही आपला काळ स्वखुशीनेच देतो. पण ग्रंथ त्याला दुसऱ्याच्या आयुष्यातील अनुभव परत देतो; ययाति पूरुला केवळ जरा देतो. तेव्हा संमती हे कसोटीचे गमक नव्हे. वडीलधाऱ्यांपुढे धाकट्यांची संमती सहज मिळते, हे आम्हां शिक्षकांहून अधिक कोण जाणतो? घेणारा काय परत करतो आणि प्रसंगी ‘नको’ म्हणू शकतो की नाही, हीच खरी कसोटी होय.

या कसोटीचे उत्तरही महाभारतातच आहे. स्वर्गातून ढळलेल्या ययातीला अष्टकादी दौहित्र आपापले पुण्यलोक देऊ करतात. पुन्हा तोच प्रसंग : वंशजांनी मिळविलेले आयते घेऊन तरायचे! या वेळी मात्र ययाति ते दान नाकारतो. आणि मग सारेच एकत्र स्वर्गास जातात. आमच्या समजुतीने ययातिकथेचा खरा शेवट हा आहे. ज्याने एकदा पुत्राचा काळ खाल्ला, तो नातवंडांपुढे हात आखडतो. खांडेकरांची कादंबरी वानप्रस्थाशी थांबत असल्याने हा नकार तिच्या कक्षेत येत नाही.

हैदराबादच्या वाचकास या कथेविषयी विशेष आस्था असावयास हवी. महाभारताची चिकित्सक आवृत्ती सिद्ध करणाऱ्या पुण्याच्या भांडारकर संस्थेला निजामाने साहाय्य केले होते आणि तेथील अतिथिगृहाला आजही त्याचे नाव आहे. सुकथनकरांनी संपादिलेले आदिपर्व १९३३ मध्ये पूर्ण झाले. पण पाठ शुद्ध झाला म्हणजे पाठाचा बोध झाला असे नव्हे. महाराष्ट्राबाहेर मराठी जगविण्याची धडपड करणारे आम्ही लोक तरुणांकडे सतत काळ मागत असतो : सभेस या, स्पर्धेत भाग घ्या, खुर्च्या भरा. घरी पालक आपली अपुरी राहिलेली आकांक्षा मुलांच्या परीक्षांतून पुरी करू पाहतात. हा काळ त्यांच्या वाढीसाठी मागितला जातो, की आमचे तारुण्य लांबविण्यासाठी? भाषेचा वारसा देताना आम्ही त्यांच्या हाती रस ठेवतो, की केवळ जरा?

शाळेत व सभेत ‘ययाति’ अवश्य वाचली जावी. मात्र वाचून झाल्यावर मुलांना ययातीचे स्वभावचित्र लिहावयास न सांगता, पूरुचे निवेदन लिहावयास सांगावे. कादंबरीने जे प्रकरण लिहिले नाही, ते लिहिण्याचा अधिकार त्यांचाच आहे. आणि ते वाचण्याचे कर्तव्य आमचे.