हिरवी खूण आणि माझी लॅटियास

सातवीत असताना दादाने घरच्या कॉम्प्युटरवर एम्युलेटर टाकून मला पोकेमॉन सॅफायर खेळायला दिलं. त्या गेममध्ये शेवटची मोठी लढत जिंकली की लॅटियास नावाची एक दुर्मिळ पोकेमॉन नकाशावर इकडून तिकडे पळत सुटते. गाठ पडली की पहिल्याच फटक्याला पळून जाते. तिला पकडण्यात माझी अख्खी दिवाळीची सुट्टी गेली. शेवटी पकडली, आणि बघते तर काय, एवढी दुर्मिळ, पण आकड्यांनी अगदीच लेचीपेची. मी रडकुंडीला आले. दादा म्हणाला, "एम्युलेटरची गडबड असेल, थांब." त्याने कुठलासा चीट कोड टाकला आणि तिचे सहाही आयव्ही ३१ करून दिले. (आयव्ही म्हणजे प्रत्येक पोकेमॉनला जन्मजात मिळणारे सहा आकडे, प्रत्येकी ० ते ३१. ताकद, बचाव, वेग वगैरे त्यावर ठरतं.)

गेल्या महिन्यात जुन्या हार्ड डिस्कवर ती सेव्ह फाइल सापडली आणि मी ती पीकेहेक्समध्ये उघडली. सेव्ह फाइलमधले पोकेमॉन बदलण्याचं, हवे तसे नवे बनवून आत घालण्याचं हे सॉफ्टवेअर आहे, सगळ्यांना खुलं. त्यातच एक तपासनीसही बसवलेला आहे. समोरचा पोकेमॉन नियमांत बसत असेल तर हिरवी खूण, नसेल तर लाल. खेळणाऱ्यांच्या भाषेत 'लीगल' आणि 'इल्लीगल'. माझ्या लॅटियासला अर्थातच लाल मिळाली.

ही पोस्ट या हिरव्या-लाल खुणेबद्दल आहे. पोकेमॉन कधी न खेळलेल्यांनीही वाचा, कारण पीएचडीच्या दुसऱ्या वर्षी तुम्ही डेटा तपासायला जी व्हॅलिडेशन स्क्रिप्ट लिहाल ती नेमकं हेच काम करणार आहे. आणि तिचं जिथे चुकेल तिथेच या तपासनीसाचंही चुकतं.

आधी तो पकडतो कसा ते बघू, कारण ते खरंच सुंदर आहे. सॅफायर २००२ चा, गेम बॉय अ‍ॅडव्हान्सवरचा गेम. त्यातल्या प्रत्येक पोकेमॉनला ३२ बिटांचा एक ओळख-आकडा असतो, पीआयडी. त्याला २५ ने भागून जी बाकी उरते त्यावर स्वभाव ठरतो. पोकेमॉनची मुख्य माहिती १२ बाइटांच्या चार तुकड्यांत ठेवलेली असते आणि ते तुकडे कुठल्या क्रमाने लावायचे (चार तुकडे, म्हणजे २४ क्रम) तेही पीआयडीला २४ ने भागून उरलेल्या बाकीवरून ठरतं. वर एक चेकसम. तो जुळला नाही की गेम त्या पोकेमॉनचं सरळ 'बॅड एग' करून टाकतो. नवशिके कोडवाले या पायरीवरच आपटायचे.

पण चेकसम नीट करणं पोरखेळ आहे. खरी मेख पुढे आहे. गेमला रँडम आकडे लागतात, आणि ते तो एका साध्या सूत्राने काढतो: आधीच्या आकड्याला ११०३५१५२४५ ने गुणा, २४६९१ मिळवा, ३२ बिटांत मावेल तेवढं ठेवा. जंगलात पोकेमॉन समोर येताना हे सूत्र ओळीने चालतं. दोन आकड्यांतून पीआयडी तयार होतो आणि लगेच पुढच्या दोन आकड्यांतून सहा आयव्ही. म्हणजे पीआयडी आणि आयव्ही दिसायला स्वतंत्र असले तरी एकाच साखळीच्या कड्या आहेत.

आता हिशोब करा. पीआयडीचे ३२ बिट आणि आयव्हींचे ३० मिळून ६२ बिट. पण साखळी सुरू होण्याच्या जागा फक्त ३२ बिटांच्या. तेव्हा मनाने एक पीआयडी आणि मनाने सहा आयव्ही घेतले तर ते एका साखळीत बसण्याची शक्यता १०७ कोटींत एक. (साखळीचे दोन-चार प्रकार आहेत. ते सगळे धरले तरी चित्र बदलत नाही.) पोकेमॉन घडवणाऱ्याने हवा तो स्वभाव घेतला, हवे ते आकडे घेतले, प्रत्येक गोष्ट मर्यादेत ठेवली. फसला तो दोन गोष्टींमधल्या नात्यात, जे नातं गेम बनवणाऱ्यांनीही मुद्दाम ठेवलेलं नव्हतं. स्वस्तातल्या सूत्राचा तो निव्वळ उपपरिणाम.

माझी लॅटियास इथेच सापडली, पण तिच्या बाबतीत आणखी एक गंमत होती. रूबी आणि सॅफायरमध्ये पळत्या पोकेमॉनच्या बाबतीत एक चूक राहून गेली आहे. त्यांचे आयव्ही आधी व्यवस्थित ठरतात, पण लढाईच्या वेळी ते वाचताना गेम ३० पैकी फक्त पहिले ८ बिट उचलतो. त्यामुळे पहिला आकडा, एचपीचा, शाबूत राहतो, हल्ल्याचा जास्तीत जास्त ७ उरतो आणि बाकीचे चारही शून्य. म्हणजे सॅफायरमधली प्रत्येक अस्सल लॅटियास लेचीपेचीच असते. एम्युलेटरचा काही दोष नव्हता. दादाने 'दुरुस्त' करेपर्यंत माझ्या हातात खरी होती.

हे कळल्यावर मी बराच वेळ नुसती बसून होते.

तर तपासनीस हुशार आहे, त्याबद्दल वाद नाही. माझं भांडण 'लीगल' या शब्दाशी आहे. हिरव्या खुणेचा अर्थ इतकाच, की या पोकेमॉनमध्ये अशक्य असं काही सापडलं नाही. खेळणारे तिचा अर्थ लावतात, हा गेममध्ये खरोखर पकडलेला आहे. या दोन वाक्यांत केवढी दरी आहे ते अंड्यांवरून कळतं. याच पिढीच्या गेममध्ये अंड्यातून निघालेल्या पोकेमॉनचा पीआयडी आणि आयव्ही वेगवेगळ्या वेळी ठरतात, त्यामुळे साखळीची तपासणी तिथे लागूच होत नाही. घडवणाऱ्याने "हा अंड्यातून निघाला" असं दाखवलं की झालं. पाचव्या पिढीपासून तर पीआयडी आणि आयव्ही दोन वेगळ्या यंत्रणांमधून येऊ लागले. तिथे जंगलातल्यालाही हा लगाम नाही. तपासनीस तोच, खूण तीच हिरवी, पण एका ठिकाणी ती १०७ कोटींत एक एवढ्या ताकदीची आणि दुसऱ्या ठिकाणी जवळजवळ पोकळ. खुणेवर हे कुठेच लिहिलेलं नसतं.

उलट बाजूही आहे. गेमक्यूबवरच्या पोकेमॉन चॅनलमधून मिळणारा जिराची स्वतःच्या वेगळ्याच पद्धतीने तयार होतो. ही पद्धत माहीत नसलेला तपासनीस अस्सल जिराचीलाही लाल देणार. 'अशक्य' हा शब्द आपल्याला माहीत असलेल्या रस्त्यांपुरताच असतो.

आणि सगळ्यात मोठी अडचण: तपासनीस खुला झाला की तो घडवणाऱ्याचाच मदतनीस होतो. पीकेहेक्समध्ये संपादक आणि परीक्षक एकाच खिडकीत बसतात. त्यावर चालणारं ऑटो लीगॅलिटी मॉड नावाचं जोडकाम तर तुम्ही फक्त मागणी सांगायची, ते परीक्षेत पास होईल असा पोकेमॉन शोधून देतं. पेपर तपासणाऱ्यानेच उत्तरं लिहून दिल्यासारखं. परीक्षा जितकी कडक, नक्कल तितकी सुबक.

संशोधनात याचं सख्खं भावंड आहे. निक ब्राउन आणि जेम्स हेदर्स यांची ग्रिम चाचणी घ्या. २० जणांना १ ते ७ मधला पूर्णांक निवडायला सांगितला, तर सरासरी ०.०५ च्या पटीतच येणार. निबंधात ३.४७ छापलं असेल तर ते अशक्य, लाल खूण. चाचणी झकास आहे, प्रत्येकाने शिकावी. पण ३.४५ छापलं असेल तर? तर एवढंच कळलं की लिहिणाऱ्याने निदान भागाकार केला होता. मी सेमिनारमध्ये "ग्रिम पास झालाय" हे वाक्य "डेटा चांगला आहे" अशा सुरात ऐकलं आहे. स्वतःही म्हटलं आहे.

मग उपाय काय, तर वस्तूकडे बघण्याऐवजी तिचा उगम नोंदवायचा. पोकेमॉनमध्ये तेही झालं आहे. २०२० मध्ये आलेल्या पोकेमॉन होम या सेवेत शिरणाऱ्या पोकेमॉनला एक ट्रॅकर आकडा मिळतो. पण हा आकडा जन्माची नोंद देत नाही, दारातून आत आल्याची देतो. सुबक नक्कल दारातून आत गेली की तिलाही अस्सल ट्रॅकर मिळतो. त्याआधीचा म्यूचा किस्सा यापेक्षा मजेदार. पहिल्या पिढीच्या गेममध्ये एका गफलतीचा वापर करून म्यू काढता येतो: शेवटच्या प्रतिस्पर्ध्याचा एक आकडा २१ असेल तर पुढचा भेटणारा म्यू, कारण गेमच्या आतल्या यादीत म्यूचा क्रमांक २१. २०१६ मध्ये हे गेम ३डीएसवर पुन्हा आले, तेव्हा पुढच्या गेममध्ये असे म्यू जाऊ नयेत म्हणून कंपनीने फक्त अधिकृत वाटपातला म्यू, मालकाचं नाव 'जीएफ' आणि क्रमांक २२७९६, एवढाच आत घ्यायचं ठरवलं. लोकांनी गेममधल्याच दुसऱ्या गफलतीने आपल्या म्यूवर नाव जीएफ आणि क्रमांक २२७९६ लिहिला. बाहेरचं कुठलंही यंत्र न लावता! यातला खरा कुठला आणि खोटा कुठला, हे मला आजही धड सांगता येणार नाही.

ऑगस्ट २०२३ मध्ये योकोहामाच्या विश्वविजेतेपद स्पर्धेत असे बदललेले पोकेमॉन वापरल्याबद्दल काही खेळाडू बाद झाले आणि जुना वाद पेटला. बचाव असा की हाताने तयार केलेल्या पोकेमॉनचे आकडेही तेच असते, मग लढाईत फायदा कुठे मिळाला? फक्त कित्येक तासांची हमाली वाचली. मला हा बचाव अर्धा पटतो. खेळाच्या निकालापुरता तो बरोबर आहे, आणि स्पर्धा जर डावपेचांची असेल तर ती हमाली मुळात अंगावर टाकणंच वाईट. आयोजकांनी भाड्याने पोकेमॉन द्यावेत, प्रश्न मिटेल. पण हाच बचाव सर्वेक्षणाच्या फॉर्मवर लावून बघा. "घरी गेलो असतो तरी याच उत्तरांसारखी उत्तरं मिळाली असती." तिथे तो टिकत नाही, कारण मिळाली असती की नाही हेच तर बघायला आपण निघालो होतो.

हे वाक्य मी बनवलेलं नाही. माझ्या फील्डवर्कमध्ये एका सर्वेक्षकाने ते मला ऐकवलं. पाणी किती दिवसांनी येतं, किती हंडे भरता, असे प्रश्न होते. माझी स्क्रिप्ट त्याच्या सगळ्या फॉर्मांना हिरवी खूण देत होती: हंडे मर्यादेत, घरातली माणसं मर्यादेत, बेरजा जुळलेल्या. इतरांचे फॉर्म मात्र लाल खुणांनी भरलेले. शंका आली ती वेगळ्याच गोष्टीने. त्याच्या एकाही घरात कोणी "आठवत नाही" असं म्हटलं नव्हतं.

२०१२ साली पीएनएएसमध्ये छापून आलेला आणि २०२१ मध्ये मागे घेतला गेलेला प्रामाणिकपणावरचा निबंध (हो, प्रामाणिकपणावरचाच) असाच उघडा पडला. गाडी किती मैल चालली हे सांगताना माणसं आकडा गोल करतात. पहिल्या वेळच्या नोंदींत तसे गोल आकडे होते, दुसऱ्या वेळच्या नोंदींत गायब. आणि चाललेले मैल ० ते ५०,००० पर्यंत सपाट पसरलेले, त्यापुढे एकदम कोणीच नाही. डेटा कोलाडा या ब्लॉगने हे दाखवलं. एकेक आकडा सुटा घेतला तर प्रत्येक 'लीगल' होता.

मी त्या सर्वेक्षकाचे सगळे फॉर्म काढून टाकले. त्यातले काही खरे असणारच, सुरुवातीच्या आठवड्यात तो फिरत होता हे मला माहीत आहे. कुठले खरे ते ओळखायला माझ्याकडे काही नव्हतं, कारण मी वेळ आणि जागेची नोंद ठेवायला सांगितलीच नव्हती. ती चूक त्याची नाही, माझी.

आता लॅटियासकडे. कोडने तिचे आयव्ही बदलले पण पीआयडीला हात लावला नव्हता. म्हणजे साखळीच्या पहिल्या दोन कड्या शाबूत होत्या. तिथून पुढच्या दोन काढायच्या, ८ बिटांवर कापायच्या, की मूळ आकडे परत. एका रविवारी स्क्रिप्ट लिहिली. पीआयडीमध्ये प्रत्येक कडीचे फक्त वरचे १६ बिट दिसतात, त्यामुळे उत्तर एकच येईल याची खात्री नसते. माझी दोन आली. एकात हल्ला ३, दुसऱ्यात ६. एचपीही वेगवेगळा.

दादाला फोन केला. कोड टाकण्याआधी काय आकडे दिसत होते, विचारलं. म्हणाला, "आठवत नाही गं."